ताईशान ते हंगशान : चीनच्या चार महापर्वतांवरची भ्रमंती

उंचीच्या हिशेबाने चीनमधले पर्वत शोधू लागलो, तर नकाशावरचे बोट पश्चिमेकडेच जाऊन थांबते. एव्हरेस्ट नेपाळच्या सीमेवर उभे आहे. पूर्णपणे तिबेटमध्ये असलेले शिशापांग्मा ८,०२७ मीटर उंच असून, आठ हजार मीटरवरच्या चौदा शिखरांपैकी सर्वांत शेवटी, १९६४ मध्ये, चिनी पथकाने ते सर केले. सिचुआनमधले गोंगा साडेसात हजार मीटरच्या वर जाते. असे असूनही गेली दोन हजार वर्षे चिनी दरबार, कवी आणि यात्रेकरू ज्या पर्वताला सर्वश्रेष्ठ मानत आले, तो पूर्वेकडच्या सपाट मैदानाच्या कडेला असलेला ताईशान आहे आणि त्याची उंची सुमारे १,५३३ मीटर, म्हणजे आपल्या कळसूबाईपेक्षाही शंभरेक मीटरने कमी आहे. ही श्रेष्ठता येते कोठून, हे पायी चालून पाहावे या हेतूने आम्ही दोघांनी ही भ्रमंती आखली.

चिनी परंपरेत पाच महापर्वत आहेत : पूर्वेला ताईशान, पश्चिमेला हुआशान, मध्यभागी सोंगशान, तर उत्तर आणि दक्षिण या दोन्ही दिशांना हंगशान नावाचे दोन वेगळे पर्वत. दक्षिणेकडचा हंगशान थेट हुनान प्रांतात असल्याने तो आम्ही वगळला. उरलेले चार पर्वत पीत नदीच्या खोऱ्यात आणि त्याच्या आसपास आहेत, त्यामुळे बीजिंगहून निघून आगगाडीने एक मोठे वर्तुळ पूर्ण करता येते. ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात चीनमध्ये राष्ट्रीय सुटी असते आणि त्या काळात या पर्वतांवर पाय ठेवायलाही जागा नसते, म्हणून महिन्याचा उत्तरार्ध निवडला.

पहिला दिवस : बीजिंग ते ताईआन

बीजिंगच्या दक्षिण स्थानकातून सुटणारी अतिजलद गाडी दोन तासांच्या आसपास ताईआनला पोहोचवते. चीनमध्ये रेल्वेचे तिकीट पासपोर्टच्या क्रमांकावर निघते आणि पर्वतांच्या प्रवेशद्वारांवरही बहुधा तोच दाखवावा लागतो, त्यामुळे संपूर्ण प्रवासात पासपोर्ट वरच्या खिशातच राहिला. खिडकीतून दोन तास गहू-मक्याची सपाट शेती दिसते आणि मग अचानक डाव्या हाताला करड्या रंगाचा एक पर्वत उभा राहतो. ताईशानच्या महत्त्वाचे पहिले कारण असे गाडीतच कळते. आसपास स्पर्धेला कोणीच नसल्यामुळे दीड हजार मीटरही पुष्कळ वाटतात.

दुपार दाई मंदिरात घालवली. हे मंदिर गावातच आहे आणि पर्वताच्या देवाची पूजा पूर्वी येथूनच सुरू होत असे. इ.स.पू. २१९ मध्ये, चीनचे एकत्रीकरण केल्यानंतर दोनच वर्षांनी, सम्राट छिन शी हुआंगने ताईशानच्या माथ्यावर जाऊन स्वर्गाला बळी अर्पण केला. आपल्या सत्तेला स्वर्गाची मान्यता आहे हे जगाला दाखवण्याचा हा विधी होता. पुढे हान सम्राट वू याने इ.स.पू. ११० मध्ये तो केला आणि सोंग सम्राट जेनजोंगने इ.स. १००८ मध्ये तो शेवटचा केला. त्यानंतरच्या वर्षी उभारलेल्या मुख्य दालनात पर्वतदेवाच्या स्वारीचे सुमारे ६० मीटर लांबीचे भित्तिचित्र आहे. आत प्रकाश इतका मंद असतो, की रथ, छत्रे आणि घोडे ओळखू येण्यासाठी डोळ्यांना बराच वेळ द्यावा लागतो.

मला मात्र या मंदिरातली सर्वांत मोलाची वस्तू वाटली ती काचेमागचे दगडाचे दोन लहान तुकडे. छिन दरबाराचा मंत्री ली सी याच्या हस्ताक्षरातला म्हणून ओळखला जाणारा लेख ताईशानवर कोरला होता. त्यात २२२ अक्षरे होती, त्यांपैकी आज केवळ १० शिल्लक आहेत. तरीही त्या दहा अक्षरांसमोर सुलेखनाचे विद्यार्थी वह्या उघडून उभे होते आणि एक जण हवेत बोटाने प्रत्येक रेघ गिरवत होता.

दुसरा दिवस : ताईशानची चढण

पारंपरिक वाट 'लाल दरवाजा' या कमानीपासून सुरू होते. तिच्या जवळच १५६० मध्ये उभारलेली एक दगडी कमान आहे आणि कन्फ्यूशियस येथूनच वर गेला असे तिच्यावर कोरले आहे. ताईशानवर उभे राहिल्यावर त्याला सारे जग लहान वाटले, असे त्याच्याच परंपरेतला तत्त्वज्ञ मेन्शियस याने नोंदवून ठेवले आहे. वाट म्हणजे पायथ्यापासून माथ्यापर्यंत दगडी पायऱ्या आहेत. त्यांची संख्या साडेसहा हजारांहून अधिक सांगितली जाते. मातीचा भाग जवळजवळ नाहीच. घाटवाटांची सवय असलेल्या माणसाला सुरुवातीला हे काहीसे कृत्रिम वाटते आणि गुडघ्यांना तर मुळीच आवडत नाही, पण तासाभरात लक्षात येते की येथे पायऱ्या हाच पर्वताचा भाग आहे. प्रत्येक वळणावर कोणीतरी काहीतरी कोरून ठेवले आहे : कोठे कवितेची ओळ, कोठे एकच भले मोठे अक्षर, कोठे एखाद्या अधिकाऱ्याने आपण आल्याची घेतलेली नोंद.

मुख्य वाट सोडून उजवीकडे थोडे गेल्यावर ओढ्याच्या पात्रात एक विस्तीर्ण उतरता कातळ लागतो. सहाव्या शतकात त्यावर 'वज्रच्छेदिका' या संस्कृतातून चिनीत गेलेल्या बौद्ध सूत्राचा मजकूर कोरला गेला. प्रत्येक अक्षर सुमारे अर्धा मीटर आहे. पाण्याने आणि पावलांनी बराच भाग झिजला असला, तरी हजाराहून अधिक अक्षरे अजून वाचता येतात. बहुतेक चढणारे घाईत पुढे निघून जातात, त्यामुळे येथे आम्हांला पर्वतावरचा एकमेव शांत अर्धा तास मिळाला.

मध्य स्वर्गद्वार हा निम्म्या वाटेवरचा टप्पा आहे. येथपर्यंत बस येते आणि येथून पुढे केबल कार जाते, त्यामुळे गर्दी एकदम तिप्पट होते. बसने येऊन केबल कारने माथा गाठणाऱ्याला दृश्य तेच दिसते, परंतु ताईशान हा क्रमाक्रमाने चढायचा पर्वत आहे आणि त्याची सारी रचनाच त्या क्रमावर बेतलेली आहे, हे त्याच्या वाट्याला येत नाही. थोड्या वर, पावसात सम्राट छिन शी हुआंगने ज्याच्याखाली आसरा घेतला आणि म्हणून ज्याला दरबारी पदवी दिली, त्या पाइन वृक्षाची जागा आहे. आजची झाडे अर्थातच नंतर लावलेली आहेत. पदवी मात्र त्यांच्याकडे वारशाने आली आहे.

शेवटचा टप्पा 'अठरा वळणे' या नावाने ओळखला जातो. एका घळीतून सोळाशेहून अधिक पायऱ्या एक किलोमीटरपेक्षा कमी अंतरात सुमारे ४०० मीटर उंची चढतात आणि घळीच्या टोकाला १२६४ मध्ये बांधलेले दक्षिण स्वर्गद्वार लाल ठिपक्यासारखे दिसत राहते. कितीही चाललो तरी ते जवळ येत नाही. येथे आम्हांला हमाल भेटले. त्यांच्या खांद्यावर बांबूची कावड असते आणि दोन्ही बाजूंना पाण्याच्या बाटल्या, भाज्या किंवा सिमेंटची पोती लटकलेली असतात. ते सरळ चढत नाहीत, तर पायरीच्या डाव्या टोकाकडून उजव्या टोकाकडे आणि पुन्हा डावीकडे असे तिरपे चढतात. प्रत्येक वळणाला कावड मानेमागून दुसऱ्या खांद्यावर सरकवतात, तीही न थांबता. आमच्यापुढे चाललेला हमाल पन्नाशी उलटलेला असावा. त्याने एकदाही मान वर करून दरवाजाकडे पाहिले नाही. त्याचे पाहून आम्हीही पायरीवरच नजर ठेवली आणि चढ खरोखरच सुसह्य झाला.

माथा हे एक छोटे गाव आहे. दुकाने, उपाहारगृहे आणि मुक्कामाच्या जागा यांची रांग ओलांडून बिशिया देवीच्या मंदिरात गेलो. सम्राटांचा पर्वतदेव खाली गावात राहिला आणि सामान्य लोकांनी मात्र या देवीला आपलेसे केले. मूल व्हावे, आजार बरा व्हावा यासाठी आजही दूरच्या खेड्यांतून वृद्ध स्त्रिया येथे येतात. वाऱ्याने उडू नयेत म्हणून तिच्या मंदिरांची कौले धातूची आहेत. मंदिराच्या मागे ताईशानवरचा सर्वांत भव्य शिलालेख आहे : तांग सम्राट शुआनजोंगने इ.स. ७२५ मध्ये येथे विधी केला आणि पुढच्या वर्षी त्याचे वर्णन सुमारे १३ मीटर उंचीच्या उभ्या कातळावर कोरले. अक्षरांत सोनेरी रंग भरलेला असल्यामुळे उतरत्या उन्हात तो लेख लांबूनच डोळ्यांत भरतो. याउलट सर्वोच्च बिंदूवरच्या मंदिराच्या दाराशी सहा मीटर उंचीचा एक दगडी स्तंभ उभा आहे आणि त्यावर एकही अक्षर नाही. कोणी तो छिन सम्राटाचा मानतात, कोणी हान सम्राट वूचा. अक्षरांनी भरलेल्या या पर्वतावर तो कोराच राहिला, हे मला फार आवडले.

तिसरा दिवस : सूर्योदय आणि पश्चिमेकडे प्रस्थान

पहाटे चारच्या सुमारास मुक्कामाच्या जागेतले सर्वच प्रवासी भाड्याने मिळणारे हिरवे लष्करी कोट घालून बाहेर पडले. पूर्वेकडच्या कड्यावर हवेत पुढे झेपावलेली एक लांब शिळा आहे, तिच्या भोवती शेकडो माणसे दाटीवाटीने बसली होती. ढगांच्या थरामुळे सूर्य उशिराच दिसला, तरीही टाळ्या झाल्याच. तेथून परतताना 'पाच महापर्वतांत हाच श्रेष्ठ' असा मजकूर कोरलेला दगड लागतो. पाच युआनच्या नोटेच्या मागील बाजूस ताईशानचे जे चित्र आहे, त्यात हा दगडही आहे, त्यामुळे हातात नोट धरून छायाचित्र काढणाऱ्यांची रांग हटत नव्हती. हा दगड १९०७ चा आहे. त्याच्या खालचा पट्ट्यापट्ट्यांचा नीस खडक मात्र अडीच अब्ज वर्षांचा आहे. उतरताना केबल कार आणि बस घेतली. दुपारनंतरचा वेळ गाडी बदलून हेनान प्रांताची राजधानी झेंगझोऊ गाठण्यात गेला.

चौथा दिवस : सोंगशान, शाओशी बाजू

झेंगझोऊहून डेंगफेंग बसने दीड-दोन तासांवर आहे. सोंगशान म्हणजे ताईशी आणि शाओशी अशा दोन पर्वतरांगा असून, त्यांतले सर्वांत उंच टोक शाओशीवर, १,५१२ मीटरवर आहे. शाओशीच्या उत्तर पायथ्याशी शाओलिन विहार आहे. इ.स. ४९५ मध्ये उत्तर वेई घराण्याचा सम्राट शियाओवेन याने भारतातून आलेल्या बातुओ या भिक्षूसाठी तो स्थापन केला. पुढे दक्षिण भारतातून आलेला बोधिधर्म येथल्या गुहेत भिंतीकडे तोंड करून नऊ वर्षे बसला अशी परंपरा आहे. आज विहाराभोवती युद्धकलेच्या शाळांची मैदाने पसरली आहेत आणि एका वेळी शेकडो मुले एकाच लयीत पाय उचलताना दिसतात. विहारात आम्ही फार रमलो नाही. भिक्षूंच्या समाधीस्तूपांचे वन, ज्यात दोनशेहून अधिक विटांचे आणि दगडांचे स्तूप आहेत, तेवढे सावकाश पाहिले आणि शाओशीच्या कड्याची वाट धरली.

हाच या प्रवासातला माझ्या मते सर्वांत कमी लेखला गेलेला भाग आहे. कड्याच्या पोटातून खोदलेल्या आणि काही ठिकाणी बाहेर काढलेल्या काँक्रीटच्या फळ्यांवरून जाणारी ही वाट सानहुआंगझाई नावाच्या ठिकाणाकडे नेते. दोन्ही बाजूंना क्वार्ट्झाइट खडकाचे थर पूर्णपणे उभे झालेले आहेत. जमिनीवर आडवे साचलेले थर पृथ्वीच्या हालचालींनी काटकोनात वळले आहेत, त्यामुळे सारा कडा कपाटात दाटून लावलेल्या पुस्तकांसारखा दिसतो. वाटेत एका सपाट पृष्ठभागावर बोटभर रुंदीच्या समांतर लाटा दिसल्या. उथळ समुद्राच्या तळाशी वाळूवर उमटलेल्या त्या लाटा होत्या आणि आता त्या आमच्या खांद्याच्या उंचीवर, उभ्या भिंतीवर होत्या. त्यांच्यावरून हात फिरवला तर प्रत्येक उंचवट्याची एक बाजू किंचित उतरती आणि दुसरी तीव्र असल्याचे जाणवते. चिनी भूशास्त्रज्ञांनी अतिप्राचीन काळातल्या तीन मोठ्या भूहालचालींना याच परिसरावरून नावे दिली आहेत आणि २००४ पासून सोंगशान हे युनेस्कोच्या यादीतले भू-उद्यान आहे. भूशास्त्रात फारशी गती नसलेल्या माणसालाही येथे खडकाशी बोलावेसे वाटते.

पाचवा दिवस : ताईशी बाजू आणि मध्यबिंदू

सकाळी सोंगयुए स्तूप पाहिला. इ.स. ५२३ च्या सुमाराचा हा बारा कोनांचा, सुमारे ४० मीटर उंचीचा स्तूप चीनमधला सर्वांत जुना टिकून राहिलेला विटांचा स्तूप आहे. मागे ताईशीची करडी भिंत आणि पुढे त्याचा पिवळसर, किंचित फुगीर बांधा, असे ते रूप आहे. त्याच रांगेतल्या जुंजी शिखराशी सम्राज्ञी वू झेतियानची कथा जोडलेली आहे. ताईशानची परंपरा मोडून इ.स. ६९६ मध्ये तिने सोंगशानवर विधी केला, कारण तिची राजधानी जवळच लुओयांगला होती. चार वर्षांनी आपल्या पापांची क्षमा मागणारा मजकूर कोरलेली सोन्याची पट्टी तिने या शिखरावर ठेववली. सुमारे ३६ सेंटिमीटर लांबीची ती पट्टी १९८२ मध्ये एका शेतकऱ्याला सापडली आणि आता हेनानच्या संग्रहालयात आहे. महापर्वताचा मान कोणत्या पर्वताकडे किती जातो, हे सत्तेचे आसन कोठे आहे यावर पुष्कळसे अवलंबून होते, असे मला येथे पहिल्यांदा स्पष्ट वाटले.

दुपारी डेंगफेंगच्या आग्नेयेला गाओचेंगची वेधशाळा गाठली. सोंगशानला पृथ्वीचा मध्य मानण्यामागे सूर्याच्या सावलीचे मोजमाप होते आणि ते येथे प्रत्यक्ष पाहता येते. १२७६ मध्ये गुओ शोउजिंग याने विटांचा सुमारे साडेनऊ मीटर उंचीचा मनोरा बांधला आणि त्याच्या पायापासून उत्तरेकडे ३१ मीटर लांबीची दगडी मोजपट्टी बसवली. मनोऱ्यावरच्या आडव्या दांडीची दुपारची सावली या पट्टीवर पडे आणि तिच्या लांबीवरून अयनदिन ठरवले जात. या आणि इतर ठिकाणच्या वेधांवरून वर्षाची लांबी ३६५.२४२५ दिवस धरली गेली. युरोपात ग्रेगोरियन पंचांगाने हीच लांबी स्वीकारली, ती तीनशे वर्षांनी. पट्टीच्या दगडांत पाणी भरण्याची दोन समांतर पन्हळी आहेत, ती पट्टी समतल आहे की नाही हे तपासण्यासाठी. संध्याकाळी लुओयांगहून गाडी पकडली आणि रात्री हुआशानच्या पायथ्याशी पोहोचलो.

सहावा दिवस : हुआशान

हुआशान पाहताच त्याच्या पायऱ्यांचा कोणीही विचार करत नाही, केवळ उंचीचा करतो. वेई नदीच्या सपाट खोऱ्यातून तो सुमारे सतराशे मीटर एकदम वर उठतो आणि मध्ये टेकड्या किंवा सोंडा जवळजवळ नाहीतच. संपूर्ण पर्वत म्हणजे ग्रॅनाइटचा एकच पांढुरका ठोकळा आहे. खोऱ्याच्या दक्षिण काठाने जाणाऱ्या प्रस्तरभंगाच्या, म्हणजे भूकवचातल्या मोठ्या भेगेच्या, बाजूने तो वर उचलला गेला. तो भंग अजूनही शांत नाही. १५५६ च्या जानेवारीत याच परिसरात झालेल्या भूकंपात सुमारे ८ लाख ३० हजार माणसे दगावल्याची नोंद आहे. इतिहासातला तो सर्वांत जीवघेणा भूकंप मानला जातो. मृतांची संख्या एवढी मोठी होण्याचे एक मोठे कारण असे, की लोक पिवळ्या मातीच्या कड्यांत कोरलेल्या गुहाघरांत राहत होते आणि ती घरे त्यांच्या अंगावर कोसळली.

'हुआशानला पूर्वापार एकच वाट' अशी म्हण आहे. आम्ही तीच घेतली. पायथ्याच्या ताओ मंदिरापासून घळीतली वाट आधी फसवी सोपी आहे. मग 'सहस्र फुटी भेग' येते आणि तिच्यात शिरल्यावर दोन्ही बाजूंच्या साखळ्या हातात घ्याव्याच लागतात. कातळातल्या अरुंद फटीत कोरलेल्या पायऱ्या इतक्या उभ्या आणि आखूड आहेत, की पाऊल आडवे ठेवावे लागते. साखळीच्या कड्या असंख्य हातांनी घासून चकचकीत झाल्या आहेत, पण कातळाकडची बाजू गंजलेली असल्यामुळे तळव्यावर तांबूस रंग उतरतो. फटीचे वरचे तोंड विहिरीच्या तोंडाएवढेच आहे आणि पूर्वी त्यावर झाकण टाकले की पर्वत बंद होत असे. १९४९ मध्ये माथ्यावर दडून बसलेल्या राष्ट्रवादी सैन्याचा याच अडचणीवर भरवसा होता. कम्युनिस्टांच्या मोजक्या सैनिकांनी दुसऱ्या बाजूच्या घळीतून रात्री वाट काढली आणि ती जुनी म्हण त्या दिवशी खोटी ठरली.

उत्तर शिखर १,६१५ मीटरवर आहे. तेथे केबल कारने आलेली गर्दी भेटते आणि मग नील ड्रॅगनाची धार लागते. ही मीटरभर रुंदीची, दोन्हीकडे तुटलेली ग्रॅनाइटची धार आहे, तिच्यावर पायऱ्या कोरल्या आहेत आणि आता कठडेही आहेत. तांग काळातला थोर गद्यकार हान यू येथे आला, तेव्हा कठडे नव्हते. तो इतका घाबरला की रडू लागला आणि निरोपाचे पत्र लिहून त्याने खाली टाकले, अशी आख्यायिका आहे. त्या ठिकाणी तसे कोरलेही आहे. एका मोठ्या लेखकाची भीती शतकानुशतके अशी जाहीर करून ठेवणे मला थोडे निर्दय वाटले.

दक्षिण शिखर २,१५५ मीटर उंच असून पाचही महापर्वतांतला सर्वोच्च बिंदू तेच आहे. त्याच्या दक्षिण अंगावर प्रसिद्ध फळ्यांची वाट आहे. युआन काळातल्या एका ताओ संन्याशाने ध्यानाच्या गुहेपर्यंत पोहोचण्यासाठी ती केली असे सांगतात. कमरेला पट्टा बांधला जातो, त्याच्या दोन दोऱ्यांना दोन हूक असतात आणि कातळात रोवलेल्या पोलादी तारेत ते अडकवून चालायचे असते. तारेचा प्रत्येक खिळा आला की एक हूक काढून खिळ्याच्या पलीकडे लावायचा, तो बसल्याचा आवाज ऐकायचा आणि मगच दुसरा काढायचा. पायाखाली दोन-तीन अरुंद फळ्या असतात आणि त्यांच्या फटींतून खालची झाडी दिसते. वाट पुढे बंद असल्याने त्याच फळ्यांवरून परतावे लागते. समोरून येणारा कातळाला चिकटून उभा राहतो आणि आपण त्याच्या बाहेरच्या बाजूने, त्याच्या पाठीवरून हात नेत हूक बदलतो. अशा वेळी अनोळखी माणसेही एकमेकांना हूक लावून देतात. संध्याकाळी पूर्व शिखरावर मुक्काम केला. तेथून खाली सुटलेल्या एका सुळक्यावर लोखंडी छपराचा छोटा मंडप दिसतो. चेन तुआन या ताओ साधूने सोंग घराण्याच्या पहिल्या सम्राटाला बुद्धिबळात हरवून हुआशान जिंकला, तो तेथेच, अशी समजूत आहे.

सातवा दिवस : पश्चिम शिखरावरून शिआनला

पश्चिम शिखरावर तिरका चिरलेला एक प्रचंड दगड आहे. आईला पर्वताखालून सोडवण्यासाठी चेनशियांग नावाच्या मुलाने कुऱ्हाडीने तो फोडला, अशी लोककथा आहे. कथेपेक्षा शिखराची वायव्य भिंत पाहण्यासारखी आहे : शेकडो मीटर तुटलेला, एकही मोठी भेग नसलेला ग्रॅनाइट. येथून २०१३ मध्ये सुरू झालेली केबल कार चार किलोमीटरहून अधिक अंतर जाते, एकदा वर चढते आणि मग खोल दरीत उतरते. पायऱ्यांच्या बाजूने कालपर्यंत मी बरेच बोललो असलो, तरी या पर्वताची घडण समजण्यासाठी ही केबल कार कोणत्याही वाटेपेक्षा उपयोगी आहे, हे मान्य करावे लागेल. दुपारी शिआन.

आठवा दिवस

शिआन ते दातोंग हा पूर्ण दिवस रेल्वेत गेला. पीत नदी, मग पिवळ्या मातीच्या चिरफळलेल्या टेकड्या, ताईयुआन, आणि संध्याकाळी कोरडी बोचरी थंडी.

नववा दिवस : उत्तरेचा हंगशान

दातोंगपासून साठ-पासष्ट किलोमीटरवर हुनयुआन गाव आहे आणि त्याच्या दक्षिणेला दोन डोंगरांमधल्या अरुंद खिंडीत लटकते मंदिर आहे. इ.स. ४९१ च्या सुमारास, म्हणजे शाओलिनच्या स्थापनेच्या चारच वर्षे आधी आणि त्याच सम्राटाच्या कारकिर्दीत ते बांधले गेले. तेव्हा उत्तर वेई घराण्याची राजधानी आजच्या दातोंगलाच होती आणि ४९४ मध्ये ती लुओयांगला हलली. चुनखडीच्या उभ्या कड्यात आडवी भोके पाडून त्यांत लाकडी तुळया खोलवर ठोकल्या आहेत आणि सुमारे चाळीस छोटी दालने त्या तुळयांवर बसवली आहेत. खालून दिसणारे बारीक लाकडी खांब मुख्य भार उचलत नाहीत. त्यांतला एक मी हाताने हलवून पाहिला, तो हलला. वरचा कडा पुढे आलेला असल्याने पाऊस आत येत नाही आणि ऊनही दिवसातून थोडाच वेळ लागते, म्हणून लाकूड टिकले आहे. सर्वांत वरच्या दालनात बुद्ध, ताओ पंथाचा प्रवर्तक लाओझी आणि कन्फ्यूशियस एका रांगेत बसले आहेत. जिन्यावरून जाताना पुढच्या माणसाची टाच आपल्या कपाळासमोर असते.

हंगशानचा मुख्य माथा तिआनफेंग २,०१६ मीटरवर आहे. गर्दी जवळजवळ नव्हती. वाटेतल्या एका उतरत्या कातळावर खुरांच्या आकाराचे खळगे आहेत आणि ताओ आख्यायिकांतल्या आठ अमरांपैकी झांग गुओलाओ हा आपल्या गाढवावर उलटा बसून येथून गेला, त्याच्या गाढवाचे ते ठसे आहेत असे सांगतात. ताईशानवर एवढ्या अंतरात शंभर शिलालेख लागले असते. येथे पाइनची झाडे, वारा आणि थोडी मंदिरे. पर्वतदेवाच्या मुख्य मंदिराकडे जाणारा शंभराहून अधिक पायऱ्यांचा जिना एवढा उभा आहे, की तेथेच थोडी दमछाक झाली. माथ्यावरून उत्तरेला हुनयुआनचे सपाट खोरे आणि दूरवर तपकिरी टेकड्यांच्या रांगा दिसतात. चिनी राज्यांची उत्तर सीमा वारंवार याच पट्ट्यात होती.

परंतु हा पर्वत 'उत्तरेचा महापर्वत' म्हणून दरबारी पूजा घेऊ लागला, तो केवळ १६६० पासून. त्यापूर्वी कित्येक शतके हा मान हेबेई प्रांतातल्या दुसऱ्याच एका पर्वताकडे होता आणि पूजा छुयांग गावात होत असे. राजधानी बीजिंगला असताना छुयांग तिच्या दक्षिणेला येत होते आणि उत्तरेच्या देवाची पूजा दक्षिणेकडे तोंड करून कशी करायची, हा आक्षेप मिंग काळापासून घेतला जात होता. अखेर चिंग दरबाराने पूजा हुनयुआनला हलवली. दक्षिणेकडेही असेच घडले होते : हान सम्राट वूने आन्हुईमधल्या तिआनझूशानला दक्षिणेचा महापर्वत ठरवले आणि सुई घराण्याने तो मान हुनानच्या हंगशानला दिला. डोंगर जागचे हलले नाहीत, पण पदव्या राजधान्यांच्या मागे फिरत राहिल्या. छुयांगचे मंदिर अजून उभे आहे. १२७० मध्ये बांधलेले त्याचे मुख्य लाकडी दालन युआन काळातल्या सर्वांत मोठ्या इमारतींपैकी एक आहे, आणि बीजिंगला परतताना बाओदिंगमार्गे गेल्यास ते एका दिवसात पाहून होते.